टॅरो कार्ड: आधी डाव मांडा, मग प्रश्न विचारा

टॅरोचा डेक, म्हणजे ज्यावरून बरेच जण भविष्य बघतात तो ७८ चित्रांच्या पत्त्यांचा संच, नवीन हातात आला की बहुतेक जण एकच गोष्ट करतात, बॉक्समधली छोटी पुस्तिका उघडतात आणि ७८ पानांचे अर्थ पाठ करायला बसतात. मी पण तेच केलं होतं, आणि दोन महिन्यांनी माझ्या डोक्यात सगळ्या कप्स आणि पेंटॅकल्सचा नुसता काला झाला होता. मग एकाने सांगितलं की अगं हे मुळात खेळायचे पत्ते आहेत, चौघं जमा करून खेळून बघ. खेळलो, आणि जे पाठ होत नव्हतं ते आपोआप हातात बसलं, कुठलं पान कुणाला मारतं, मूर्ख कुठे उभा असतो, सूर्य चंद्राच्या वर का. म्हणून हा लेख नेहमीच्या उलट क्रमाने लिहितेय, आधी खेळ आणि मग वाचन, म्हणजे प्रश्न विचारून पानांचा अर्थ लावणं. ज्यांना फक्त भविष्य वगैरे बघायचंय त्यांनीही खेळाचा भाग सोडू नका असं मी मनापासून सांगीन.

पायरी १: डेक कुठला घ्यायचा

इथेच सगळ्यात जास्त गोंधळ होतो कारण दोन वेगळ्या गोष्टींना एकच नाव आहे. एक असतो खेळायचा डेक, फ्रान्समध्ये आज जो वापरतात तो, त्यात आपले नेहमीचे बदाम, चौकट, किलवर, इस्पिक असतात आणि वर २१ मोठे हुकूम, ज्यांच्यावर मोठे आकडे आणि माणसाची वयं, दिवसाचे प्रहर, ऋतू अशी चित्रं. बाकीच्या डेकवर असतात ती मृत्यू, सैतान, मनोरा अशी चित्रं यात नाहीत. दुसरा असतो वाचनाचा डेक, त्यातला सगळ्यात प्रसिद्ध म्हणजे रायडर-वेट-स्मिथ, १९०९ मध्ये लंडनमध्ये विल्यम रायडर कंपनीने काढलेला. याच्यात प्रत्येक पानावर एक प्रसंग रंगवलाय, छोट्या म्हणजे एक ते दहा आकड्यांच्या पानांवरसुद्धा. आणि तिसरा, दोन्हीच्या मधला, मार्सेय डेक. त्यात जुनी हुकमाची चित्रं आहेत, पण छोट्या पानांवर फक्त तेवढे पेले किंवा तेवढ्या तलवारी मोजून काढलेल्या.

माझा सल्ला, खेळायला फ्रेंच डेक घ्या आणि वाचायला रायडर-वेट-स्मिथ किंवा त्याच्या धर्तीवरचा. दोन डेक घ्यायचे नसतील तर मार्सेय घ्या, त्याने खेळताही येतं आणि वाचताही येतं, फक्त वाचायला सुरुवातीला जड जातं. आणि हो, "पहिला डेक स्वतः विकत घ्यायचा नसतो, कुणीतरी भेट द्यावा लागतो" असं कुणी सांगितलं तर ते मनावर घेऊ नका, सरळ जाऊन घ्या. एक गोष्ट मात्र बघा, बॉक्सवर ऑरॅकल असं लिहिलेलं असेल तर तो टॅरो नाही, त्याला ठराविक पानं, रंग, क्रम काहीच नसतं, आणि त्याच्याने खेळता येत नाही.

पायरी २: पानं जमिनीवर मांडा

सगळी पानं बाहेर काढून चादरीवर मांडा. आधी मोजा, ७८ भरली पाहिजेत. मग चार रंग वेगळे करा. प्रत्येक रंगात १४ पानं, एक ते दहा आणि चार चित्रवाली: गुलाम, घोडेस्वार, राणी, राजा. नेहमीच्या ५२ पत्त्यांत घोडेस्वार नसतो, हाच काय तो फरक. म्हणजे १४ चोक ५६. उरली २२. त्यातली २१ आकडे असलेली म्हणजे हुकूम, आणि एक मूर्ख (इंग्रजीत Fool), ज्याला खेळात नंबरच नाही (वाचनाच्या डेकवर त्याला शून्य देतात).

वाचनवाले या ५६ ना मायनर अर्काना आणि २२ ना मेजर अर्काना म्हणतात. जुन्या खेळाडूंना हे शब्द माहीत नव्हते, ते नंतर आले.

रंगांची नावं जुन्या इटालियन डेकवर पेले, नाणी, तलवारी आणि काठ्या, वाचनाच्या डेकवर त्यांनाच कप्स, पेंटॅकल्स, स्वोर्ड्स आणि वँड्स म्हणतात. हे चार रंग युरोपात मामलुक (मध्ययुगात इजिप्तवर राज्य करणारे सुलतान) यांच्या काळातल्या पत्त्यांवरून गेले, त्या पत्त्यांचा एक संच आजही इस्तंबूलच्या तोपकापी म्युझियममध्ये आहे, आणि त्यात काठ्यांच्या जागी पोलो खेळायच्या स्टिक आहेत. युरोपात तेव्हा पोलो कुणाला माहीत नव्हता म्हणून त्यांनी साध्या काठ्या काढल्या. मला ही गोष्ट फार आवडते, कारण ज्या वँड्सना आज आपण अग्नी, ऊर्जा, महत्त्वाकांक्षा वगैरे म्हणतो त्या एकेकाळी घोड्यावर बसून चेंडू मारायच्या काठ्या होत्या.

आता मार्सेय किंवा वाचनाच्या डेकमधले २१ हुकूम क्रमाने एका ओळीत लावा आणि पाच मिनिटं नुसतं बघा. सम्राट चार, धर्मगुरू पाच, म्हणजे धर्मगुरू सम्राटाला मारतो. प्रेमी सहा, रथ सात. मृत्यू तेरा, पण त्याच्या वर अजून आठ पानं आहेत! मनोरा सोळा, मग तारा, चंद्र, सूर्य, म्हणजे प्रत्येक पानाला उजेड वाढत जातो, मग न्यायनिवाडा आणि सगळ्यात वर जग. ही एक मिरवणूक आहे. पंधराव्या शतकात इटलीत या खेळाला त्रिओंफी म्हणजे विजय असंच नाव होतं, आणि इंग्रजीतला ट्रम्प शब्द त्याच मुळाचा. पुस्तिकेतला कुठलाही अर्थ वाचायच्या आधी ही रांग डोळ्यांत बसू द्या.

(रायडर-वेट-स्मिथमध्ये बळ आठवर आणि न्याय अकरावर आहे, मार्सेयमध्ये बरोबर उलट. ही अदलाबदल मुद्दाम केलेली आहे. दोन डेक शेजारी ठेवले तर घाबरू नका, छपाईची चूक नाहीये.)

पायरी ३: खेळा

टॅरोचे खेळ बरेच आहेत, ऑस्ट्रियात ५४ पानांचा टॅरॉक, हंगेरीत ४२ पानांचा, बोलोन्यात ६२ पानांचा. मनोविश्लेषणवाला सिग्मंड फ्रॉइड टॅरॉकचा पक्का शौकीन होता, शनिवारी रात्री त्याची बैठक ठरलेली. पण नवशिक्यांनी फ्रेंच टॅरो शिकावा, कारण त्यात सगळी ७८ पानं लागतात आणि नियम सगळीकडे जवळजवळ सारखे आहेत, फ्रान्समध्ये १९७३ पासून त्यांचं फेडरेशनच आहे.

चौघांचा डाव सांगते.

वाटप घड्याळाच्या उलट दिशेने, म्हणजे वाटणाऱ्याच्या उजवीकडून. एका वेळी तीन-तीन पानं द्यायची, प्रत्येकाला १८ होतात, आणि वाटता वाटता मध्ये एक-एक करून ६ पानं टेबलावर पालथी ठेवायची. या सहा पानांना फ्रेंचमध्ये कुत्रा म्हणतात. पहिलं आणि शेवटचं पान कुत्र्यात टाकायचं नाही.

मग बोली. एकटा माणूस तिघांविरुद्ध खेळतो, तो कोण हे बोलीवर ठरतं. प्रत्येकाला एकदाच बोलायची संधी, एक तर पास म्हणा किंवा आधीच्यापेक्षा मोठी बोली लावा. चार बोल्या आहेत. सगळ्यात छोटी पेतित, मग गार्द, मग कुत्र्याशिवाय गार्द, मग कुत्र्याविरुद्ध गार्द. पहिल्या दोनमध्ये बोली जिंकणारा कुत्रा उलटून सगळ्यांना दाखवतो, ती सहा पानं हातात घेतो आणि हातातली कुठलीही सहा बाजूला पालथी टाकतो, ती त्याच्याच पॉइंटात धरली जातात. पण राजा टाकायचा नाही, मूर्ख टाकायचा नाही आणि हुकूम टाकायचा नाही (अगदी दुसरं काही टाकण्यासारखं नसेल तरच एक आणि २१ सोडून एखादा हुकूम, तो पण दाखवून). तिसऱ्या बोलीत कुत्रा कुणीच बघत नाही पण त्याचे पॉइंट बोलीवाल्याला, चौथीत ते विरोधकांना. चौघंही पास म्हणाले तर पत्ते परत वाटायचे.

आता खेळ. वाटणाऱ्याच्या उजवीकडचा भिडू पहिली उतारी करतो. उतरलेल्या रंगाचं पान असेल तर तेच टाकायचं, नसेल तर हुकूम टाकायलाच लागतो, आणि हा हुकूम आधी पडलेल्या हुकमापेक्षा वरचा असला पाहिजे, तुमच्याकडे असेल तर. अगदी तो हात तुमच्याच बाजूचा भिडू जिंकत असला तरी. वरचा नसेल तर खालचा हुकूम टाका, हुकूमच नसेल तर काहीही टाका. ज्यांनी हुकमाचे खेळ खेळलेत त्यांना हे पटकन जमतं, फक्त दोन ठिकाणी अडखळायला होतं. एक म्हणजे इथे एक्का सगळ्यात छोटा. राजा, राणी, घोडेस्वार, गुलाम, दहा आणि मग खाली उतरत एक्का शेवटी. पहिल्या डावात प्रत्येक जण एक्का ऐटीत टाकतो आणि हात घालवतो. दुसरं म्हणजे "वरचा हुकूम असेल तर टाकायलाच लागतो" हे विसरणं, याच्यावरून सगळ्यात जास्त भांडणं होतात.

आणि मूर्ख. त्याला खेळात एक्स्क्यूज म्हणतात, म्हणजे माफी. तो कधीही टाकता येतो, कुठलाही रंग उतरलेला असो, तो ना हात जिंकतो ना कुणाला हरवतो. तुम्ही "मला यातून सोडा" म्हणता, आणि मूर्ख उचलून परत तुमच्या ढिगात ठेवता, ज्याने हात जिंकला त्याला बदल्यात तुमच्या ढिगातलं एक साधं पान देता. फक्त शेवटच्या हाताला तो टाकला तर गेला, म्हणून वेळेत खेळून टाका. वाचनात मूर्खाबद्दल पानंच्या पानं लिहिलेली आहेत, नवी सुरुवात, निरागसपणा वगैरे, पण एकदा हा पत्ता अडचणीच्या हातातून तुम्हाला सोडवून गेला ना की तो कोण आहे हे सांगायला लागत नाही, नियमांच्या बाहेर उभा असलेला, न जिंकणारा, न हरणारा.

मोजणी. हिला लोक उगीच घाबरतात. तीन पानं खास आहेत, हुकमाचा एक्का (याला छोटुकला म्हणू), हुकमाचा २१ आणि मूर्ख. या तिघांना बू म्हणतात. प्रत्येक बू साडेचार पॉइंट, राजा साडेचार, राणी साडेतीन, घोडेस्वार अडीच, गुलाम दीड, बाकी सगळं अर्धा. एकूण बरोबर ९१. अर्धे मोजत बसू नका, एक चित्रवालं पान आणि एक साधं पान अशा जोड्या लावा, राजाची जोडी ५, राणीची ४, घोडेस्वाराची ३, गुलामाची २, आणि दोन साध्या पानांची १.

बोलीवाल्याला जिंकायला किती लागतात हे त्याने डाव संपेपर्यंत किती बू जमवले त्यावर ठरतं:

एकही नाही, तर ५६
एक, तर ५१
दोन, तर ४१
तिन्ही, तर ३६

समजा तुम्ही गार्द बोललात, दोन बू मिळाले आणि ४९ पॉइंट झाले. लागत होते ४१, म्हणजे ८ जास्त. यात ठरलेले २५ मिळवायचे, ३३. गार्दला दुप्पट, ६६. तिघांकडून प्रत्येकी ६६, तुमच्या खात्यावर १९८. हरलात तर तेवढेच उलटे द्यायचे. पेतितला एकपट, कुत्र्याशिवायला चौपट, कुत्र्याविरुद्धला सहापट. कागदावर चार कॉलम करा आणि दर डावानंतर चौघांची बेरीज शून्य येते का बघा, नाही आली तर कुठेतरी चुकलंय.

बोली कधी लावायची? मूर्ख धरून २२ हुकूम चौघांत आणि कुत्र्यात वाटले जातात, म्हणजे प्रत्येकाला साधारण पाच येतात. तुमच्याकडे आठ-नऊ हुकूम आणि त्यात एखादा बू असेल तर विचार करा. चार हुकूम आणि तीन राजे असतील तर मोह होतो, पण नवीन असताना पास म्हणा, कारण राजे हुकमाने मारले जातात. कुत्रा हातात आला की एखादा रंग पूर्ण संपवायचा प्रयत्न करा, म्हणजे तो रंग उतरला की तुम्हाला हुकूम मारता येतो आणि छोटुकला अशा वेळी घरी आणता येतो. छोटुकला सगळ्यात दुबळा हुकूम आहे पण पॉइंटात त्याची किंमत हुकमाच्या २१ एवढीच, साडेचार, त्यामुळे त्याची शिकार हाच अर्ध्या डावाचा थरार असतो. आणि तो शेवटच्या हाताला जिंकून दाखवला तर वरचे १० मिळतात, तेही बोलीच्या पटीत.

तिघं असाल तर प्रत्येकी २४ पानं आणि कुत्र्यात ६. पाच असाल तर १५ आणि कुत्र्यात ३, आणि बोलीवाला एखाद्या राजाचं नाव घेतो, तो ज्याच्याकडे असेल तो गुपचूप त्याचा जोडीदार होतो. पाचांचा खेळ फार मजेशीर आहे पण आधी चौघांचे दहा-बारा डाव होऊ द्या.

मधली गोष्ट: खेळाचं भविष्य कसं झालं

हे थोडक्यात सांगते पण हे माहीत असायलाच पाहिजे, कारण टॅरो हजारो वर्षांपूर्वीच्या इजिप्तमधून आला असं सांगणारे लोक तुम्हाला भेटणारच. टॅरोचे सगळ्यात जुने लेखी उल्लेख उत्तर इटलीतले आहेत, १४४० फ्लॉरेन्स, १४४२ फेरारा, आणि ते खेळायच्या पत्त्यांचे आहेत. पुढची तीनशे वर्षं लोक प्रामुख्याने खेळतच होते. अठराव्या शतकात बोलोन्यात काही पानांचे अर्थ लिहिलेला एक कागद सापडतो तेवढाच. मग १७८१ मध्ये पॅरिसमध्ये अंत्वान कूर द जेब्लँ नावाच्या विद्वानाने लिहिलं की या पानांत प्राचीन इजिप्तचं ज्ञान लपलंय. तेव्हा इजिप्तची लिपी कुणालाच वाचता येत नव्हती, शांपोल्यनने ती उलगडली १८२२ मध्ये, आणि त्यात टॅरोचा मागमूस निघाला नाही. पण तोवर कल्पना पसरली होती. एतेया नावाने लिहिणाऱ्या एका फ्रेंच माणसाने १७८५ मध्ये टॅरोने भविष्य बघायचं पुस्तक काढलं आणि १७८९ च्या सुमारास खास त्यासाठीचा डेक. मायकेल डमेट या ऑक्सफर्डच्या तत्त्वज्ञाने १९८० मध्ये खेळाचा सगळा इतिहास कागदपत्रांनिशी मांडला, तेव्हापासून याबद्दल फारशी शंका उरलेली नाही.

यामुळे वाचन खोटं ठरतं का? मला तसं वाटत नाही. पानांना उद्या काय होणार ते कळतं असं मी मानत नाही, तसा कुठला पुरावाही नाही. पण चांगलं चित्र समोर ठेवून स्वतःच्या प्रश्नाकडे बघितलं की जे एरवी बोलता येत नाही ते बोलता येतं, आणि त्यासाठी चित्रं मात्र चांगली लागतात. ती काढली पामेला कोलमन स्मिथने. डेकचा कर्ता आर्थर वेट याने कल्पना दिल्या, पण छोट्या पानांवरचे ते सगळे प्रसंग तिच्या हातचे. १९०९ च्या एका पत्रात तिने लिहिलंय की हे काम फार मोठं आणि पैसे फार थोडे. कितीतरी वर्षं डेकला रायडर आणि वेट यांचंच नाव होतं, तिचं नव्हतं. तुमच्याकडे तो डेक असेल तर पानाच्या खालच्या कोपऱ्यात बघा, तिची वळणदार सही दिसेल. म्हणूनच मी नेहमी पूर्ण नाव घेते, रायडर-वेट-स्मिथ.

पायरी ४: प्रश्न नीट करा

वाचनात सगळ्यात महत्त्वाचं काम पत्ते काढायच्या आधी होतं. "माझं लग्न कधी होईल", "नोकरी मिळेल का" असे प्रश्न विचारलेत तर कुठलंही पान आलं तरी तुम्ही ओढूनताणून हो किंवा नाही काढणार. प्रश्न असा करा की त्यात तुम्ही स्वतः असाल: या नोकरीत माझं नेमकं काय अडतंय, या भांडणात मी काय बघत नाहीये, हा निर्णय मी पुढे का ढकलतोय. कागदावर लिहा. लिहिताना लक्षात येतं की खरा प्रश्न वेगळाच होता.

आजारपण, कोर्टाचं काम, पैशांची गुंतवणूक यांचे निर्णय पत्त्यांवर सोडू नका. डॉक्टरकडे जायचं की नाही हा टॅरोचा प्रश्नच नाही.

पायरी ५: एक पान

पहिला महिनाभर रोज एकच पान काढा. पिसताना पानं मोठी असतात, नेहमीच्या पत्त्यांसारखी वाकवून पिसलीत तर कडा जातात, त्यापेक्षा टेबलावर सगळी पालथी पसरा आणि दोन्ही हातांनी गोल गोल फिरवून गोळा करा. उलटी पानं वाचायची का असं सगळे विचारतात. सुरुवातीला नको. सगळी सरळ करून घ्या, ७८ अर्थ शिकताना १५६ चं ओझं कशाला.

पान उलटलं की पुस्तिका उघडू नका. आधी मोठ्याने सांगा काय दिसतंय. उदाहरणार्थ पाच कप्स. काळी शाल घेतलेला माणूस, मान खाली, समोर तीन पेले सांडलेत. आता मागे बघा, दोन पेले उभे आहेत, त्याच्या पाठीमागे. पलीकडे नदी, पूल, घर. पुस्तिकेत लिहिलेलं असतं नुकसान, दुःख. पण चित्र त्याहून जास्त सांगतं: तो कुठे बघतोय, कुठे बघत नाहीये, पूल कुठे आहे. मग स्वतःला विचारा, माझ्या प्रश्नात सांडलेले तीन कुठले आणि उभे दोन कुठले. बस, हेच वाचन आहे. हे झाल्यावर पुस्तिका बघा, आणि वहीत तारीख, पान आणि दोन ओळी लिहा.

छोट्या पानांसाठी एक सोपी चौकट देते, पेले म्हणजे भावना आणि नाती, नाणी म्हणजे काम, पैसा, शरीर, तलवारी म्हणजे विचार आणि वाद, काठ्या म्हणजे उत्साह आणि धडपड. हे काही कुठल्या ऋषींनी सांगितलेलं नाही, वाचणाऱ्यांनी ठरवलेला संकेत आहे, पण उपयोगी पडतो.

पायरी ६: तीन पानं

महिन्यानंतर तीन पानं मांडा. भूत, वर्तमान, भविष्य असं सगळीकडे सांगतात, मी ते वापरत नाही कारण तिसऱ्या पानाला भविष्य म्हटलं की माणूस त्याच्यावरच अडकतो. मी अशी मांडते: काय चाललंय, काय अडवतंय, काय करून बघता येईल.

समजा प्रश्न आहे "या कामाचा मला कंटाळा का आलाय". पहिलं पान चार कप्स, झाडाखाली हाताची घडी घालून बसलेला मुलगा, समोर तीन पेले, ढगातून एक हात चौथा पेला देतोय आणि तो बघत पण नाही. दुसरं दोन स्वोर्ड्स, डोळ्यांवर पट्टी बांधलेली बाई, छातीवर दोन तलवारी आडव्या धरून. तिसरं आठ पेंटॅकल्स, कारागीर बाकावर बसून एकेक नाणं ठोकतोय. आता तिन्ही एकत्र बघा. दोघं बसलेत, हात बांधलेले. तिसरा पण बसलाय, पण त्याचे हात चालू आहेत. पुस्तिकेतल्या कुठल्याही एका अर्थात हे नव्हतं, ते तीन पानं शेजारी आल्यावर दिसलं. मग पुढचा प्रश्न माणूस स्वतःच विचारतो, शेवटचं हाताने काही केलं ते कधी.

आणि इथे खेळ परत कामाला येतो. तीनमध्ये एखादा हुकूम आला तर तो या वाचनात वरचढ धरा, खेळात धरता तसाच. दोन हुकूम आले तर मोठा आकडा कुणाचा ते बघा. मनोरा आणि तारा एकत्र आले, तर तारा सतरा आणि मनोरा सोळा, तारा मारतो. ही माझी पद्धत आहे, पुस्तिकेत मिळणार नाही, पण ती वापरली की नुसत्या वाईट चित्राने पूर्ण वाचन काळवंडत नाही.

दहा पानांची केल्टिक क्रॉस ही मांडणी प्रसिद्ध आहे, वेटच्या पुस्तकामुळे ती सगळीकडे गेली. पण तीन पानं एकमेकांशी जोडता येत नसतील तर दहा अजिबात जोडता येणार नाहीत. तीन-चार महिने थांबा.

पायरी ७: भीतीची पानं आणि दुसऱ्यासाठी वाचणं

मृत्यूचं पान आलं की समोरच्याचा चेहरा उतरतो. चित्र पूर्ण बघायला सांगा. पांढऱ्या घोड्यावर चिलखतातला सांगाडा, खाली पडलेला राजा, पण एक लहान मूल न घाबरता त्याच्याकडे तोंड करून आहे, आणि मागे दोन मनोऱ्यांच्या मधे सूर्य. काहीतरी संपतंय, एवढंच हे पान सांगतं, आणि ते शाळेतलं शेवटचं वर्ष असू शकतं किंवा एखादी सवय. कुणाच्या मरणाबद्दल टॅरोवरून कधीही बोलू नका. मी एकदा पैसे देऊन वाचन करून घेतलं होतं, त्यात मला सांगितलं गेलं की घरच्या एका माणसावर सावट आहे आणि ते काढायला अजून तीन बैठका लागतील. मी उठून आले, पण पुढचे आठ दिवस झोप नीट लागली नाही. घाबरवून पुढची बैठक विकणारा कुणीही असो, तिथून निघा.

दुसऱ्याचं वाचताना आधी त्याला बोलू द्या, "तुला काय दिसतंय" विचारा. तिसऱ्या माणसाबद्दल, म्हणजे तो मनात काय विचार करतो, ती मला फसवतेय का, असलं वाचू नका, तो माणूस समोर नाहीये. आणि "अगदी बरोबर सांगितलंस!" असं कुणी म्हणालं तर लगेच हवेत जाऊ नका. १९४८ मध्ये बर्ट्रम फोरर या मानसशास्त्रज्ञाने विद्यार्थ्यांना व्यक्तिमत्त्वाचं वर्णन म्हणून प्रत्येकाला एकच मजकूर दिला, त्यांनी पाचपैकी सरासरी ४.२६ मार्क दिले, इतकं ते आपलं वाटलं. गुळगुळीत वाक्यं सगळ्यांनाच लागू पडतात, म्हणून पानातला नेमका तपशील धरून बोला, तो पूल, तो पेला, ती पट्टी.

एकाच प्रश्नाला मनासारखं पान येईपर्यंत परत परत पिसणं, हे सगळेच करतात. आठवडाभर तरी तो प्रश्न मिटवून ठेवा.

पायरी ८: आवरताना

रेशमी कापड, चांदण्यात ठेवणं, क्रिस्टल वगैरे आवडत असेल तर करा, नाही केलं तरी पत्त्यांचं काही बिघडत नाही. हात कोरडे आणि स्वच्छ ठेवा, पाण्याचा ग्लास टेबलावरून उचलून बाजूला ठेवा, आणि खेळायचा डेक व वाचायचा डेक वेगळ्या डब्यात ठेवा, कारण खेळात पानं मळतात आणि एखादं पान डागावरून ओळखता यायला लागलं की खेळ पण गेला आणि वाचन पण.

आणि बॉक्स बंद करायच्या आधी दर वेळी मोजा. पंधराव्या शतकाच्या मध्यावर मिलानच्या दरबारासाठी सोन्याचा वर्ख लावून हाताने रंगवलेला व्हिस्कोंती-स्फोर्झा डेक आज न्यूयॉर्कमध्ये, बेर्गामोमध्ये आणि एका घराण्याकडे वाटला गेलाय, आणि त्याची ७४ पानं उरलीत. सैतान, मनोरा, तीन तलवारी आणि नाण्यांचा घोडेस्वार सापडत नाहीत. तुमचं एखादं पान बहुतेक सोफ्याच्या फटीत असेल, पण ते त्याच संध्याकाळी शोधा, ७७ पानांवर चौघांचं वाटप जमत नाही.